नांवाची पारख

घरांत पाळणा हलूं लागला कीं शाळेंत जाणाऱ्या भावंडांकडे बाळासाठीं नांव शोधण्याचें काम आपोआप येतें. आमच्या तेलगांवाकडेही हेंच चालतें. आत्याबाईंच्या हातीं आतां मोबाईलवरील नांवांची यादी असते, आणि प्रत्येक नांवापुढें अर्थही दिलेला असतो. तो खराच असणार, असें आपण धरून चालतों, आणि येथेंच फसतों.

'अनय' हें नांव घ्या. याद्यांत त्यापुढें एकाहून एक गोड अर्थ आढळतात. परंतु संस्कृत कोश उघडला तर नय म्हणजे नीति, व अनय म्हणजे अनीति, दुर्वर्तन! 'अहान' याचा अर्थ पहाट असा देतात. कोशांत शब्द आहे तो अहन्, म्हणजे दिवस. ही चूक त्यामानानें क्षम्य म्हणावी. 'कियारा' याची गोष्ट मात्र मौजेची आहे. हें नांव संस्कृत नव्हेच. इटालियन भाषेंत अशा उच्चाराच्या नांवाचा अर्थ उजळ. त्याच्याशीं जुळणारें आयरिश नांव मात्र काळा या अर्थाच्या शब्दापासून झालेलें आहे.

म्हणून नांव कोणत्या भाषेचें, हें आधीं विचारावें व मग त्या भाषेचा कोश पाहावा. संस्कृतासाठीं वामन शिवराम आपटे यांचा कोश, मराठीसाठीं मोल्सवर्थ किंवा दाते-कर्वे यांचा महाराष्ट्र शब्दकोश. हे तिन्ही मोबाईलवर फुकट पाहतां येतात. पुराणांतील व्यक्तींसाठीं सिद्धेश्वरशास्त्री चित्राव यांचा प्राचीन चरित्रकोश आहे. दहा याद्यांत एकच अर्थ आढळला तरी त्या दहा साक्षी नव्हेत. बहुधा एकीवरून दुसरीनें उतरविलेलें असतें. कोशांत नाहीं तें नांव ठेवूंच नये, असें आमचें म्हणणें नाहीं. आईबापांनीं नवें नांव खुशाल घडवावें. मात्र तें वेदांतून आलें असें सांगूं नये.

अर्थापेक्षां अक्षरांची पारख आम्हांस अधिक निकडीची वाटते. तेलगांवीं साखर कारखाना असला तरी बीड जिल्ह्यांतून दरसाल हजारों कुटुंबें ऊंसतोडीसाठीं पश्चिम महाराष्ट्रांत व कर्नाटकांत जातात. तिकडे कोपीवर मूल जन्मलें, तर १९६९ च्या कायद्याप्रमाणें जन्माची नोंद त्याच ठिकाणीं, २१ दिवसांत करावयाची असते. बारसें झालेलें नसल्यास नांवाची जागा रिकामी राहते. ती १२ महिन्यांच्या आंत फुकट भरतां येते; पुढें १५ वर्षांपर्यंत विलंबशुल्क पडतें. आणि कर्नाटकांतील दाखला कन्नड व इंग्रजींत असतो. इंग्रजी अक्षरांतील 'कमल' कोणी 'कमाल' असें वाचलें, तर मुलीचें नांव शाळेच्या पटावर तसेंच चढतें. १ ऑक्टोबर २०२३ रोजीं किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांस तर शाळाप्रवेशाच्या वेळीं जन्मतारखेचा पुरावा म्हणून हाच दाखला दाखवावा लागतो.

याकरितां दाखला हातीं पडतांच तेथल्या तेथें मोठ्यानें वाचून घ्यावा. आपणांस वाचतां येत नसेल तर शाळेंत जाणाऱ्या मुलास सोबत न्यावें. चूक आढळल्यास निबंधकाकडे पुराव्यासह अर्ज करावा. कायद्याप्रमाणें तो मूळ नोंद खोडीत नाहीं. समासांत दुरुस्ती लिहून तिच्याखालीं सही व तारीख घालतो.