एसएस गेरसप्पा

एसएस गेरसप्पा हे ब्रिटिश इंडिया स्टीम नॅव्हिगेशन कंपनीचे मालवाहू जहाज होते. दुसऱ्या महायुद्धात, फेब्रुवारी १९४१ मध्ये, जर्मन पाणबुडीने ते उत्तर अटलांटिक महासागरात बुडवले. जहाजावरील ८६ जणांपैकी केवळ एक जण वाचला. इंग्लंडमधील जॅरो येथे १९१९ साली बांधलेल्या या जहाजाला शरावती नदीवरील धबधब्याचे नाव दिले होते. जुन्या मराठी पुस्तकांत ‘गिरसप्प्याचा धबधबा’ म्हणून येतो तो हाच.

अखेरचा प्रवास

डिसेंबर १९४० मध्ये जहाज कोलकात्याहून ब्रिटनकडे निघाले. त्यावर चहा, कच्चे लोखंड आणि चांदीच्या लगडी होत्या. आफ्रिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरील फ्रीटाऊन येथे ते ‘एसएल ६४’ या जहाजांच्या ताफ्यात सामील झाले.

पुढे हवामान बिघडले. मालाने जड झालेल्या जहाजाचा कोळसा समोरून येणाऱ्या लाटा कापण्यात झपाट्याने संपू लागला. ताफ्याबरोबर राहिल्यास तो ब्रिटनपर्यंत पुरणार नाही, हे दिसताच कप्तान जेराल्ड हायलंड यांनी १४ फेब्रुवारीला ताफा सोडून आयर्लंडमधील गॉलवे बंदराची वाट धरली. एकटे आणि संथ चालणारे जहाज हे पाणबुडीचे सोपे सावज असे. पण भर समुद्रात कोळसा संपला असता, तर जहाज जागीच थांबले असते. म्हणजे निवड दोन संकटांमधली होती.

१६ फेब्रुवारीला सकाळी एका जर्मन विमानाने जहाजावर घिरट्या घातल्या. त्याच रात्री एर्न्स्ट मेंगरसेन यांच्या यू-१०१ या पाणबुडीने सोडलेला पाणतीर जहाजाच्या उजव्या कुशीवर आदळला. स्फोटाने डोलकाठी कोसळून बिनतारी यंत्राची तार तुटली, त्यामुळे मदतीचा संदेशही पाठवता आला नाही. सुमारे वीस मिनिटांत जहाज बुडाले.

द्वितीय अधिकारी रिचर्ड एअर्स यांच्या ताब्यातील एकच होडी निसटू शकली. तिच्यात युरोपीय आणि भारतीय असे दोन्ही खलाशी होते. थंडी व तहान यांनी एकेक जण दगावत गेला. तेराव्या दिवशी, १ मार्चला, कॉर्नवॉलमधील लिझार्ड भूशिराचा किनारा आला; पण फुटणाऱ्या लाटांत होडी उलटली आणि किनाऱ्यावर जिवंत पोहोचले ते एकटे एअर्स. त्यांचे निधन १९९२ मध्ये झाले.

चांदी आणि पत्रे

ओडिसी मरीन एक्स्प्लोरेशन या अमेरिकी कंपनीने २०११ मध्ये जहाजाचे अवशेष शोधले. ते सुमारे ४,७०० मीटर खोल, म्हणजे टायटॅनिकपेक्षाही खाली आहेत. ब्रिटिश सरकारशी झालेल्या करारानुसार २०१२ आणि २०१३ मध्ये दूरनियंत्रित यंत्रांनी एकूण २,७९२ लगडी वर काढण्यात आल्या. प्रत्येकीचे वजन सुमारे ३५ किलो होते. विमा उतरवलेली जवळजवळ सर्व चांदी अशी परत मिळाली. तिच्यातील काहींची ब्रिटनच्या टांकसाळीने नाणी पाडली.

चांदीपेक्षा अनपेक्षित ठेवा टपालाचा होता. प्रकाश व प्राणवायू न पोहोचल्यामुळे ७०० हून अधिक पत्रे सात दशके पाण्याखाली टिकून राहिली. लंडनच्या टपाल संग्रहालयाने २०१८ मध्ये त्यांचे प्रदर्शन भरवले.

स्मारके

जहाजावरील बहुसंख्य खलाशी भारतीय उपखंडातील होते. त्या काळी त्यांना ‘लास्कर’ म्हणत आणि युरोपीय खलाशांच्या तुलनेत त्यांचे वेतन बरेच कमी असे. ब्रिटिश व्यापारी जहाजांवरील मृतांची नावे लंडनच्या टॉवर हिल स्मारकावर कोरलेली आहेत. अविभाजित भारताच्या व्यापारी नौदलातील मृत खलाशांची नावे मात्र दोन सारख्याच नोंदवह्यांत आहेत. त्यांपैकी एक मुंबईत आहे, दुसरी बांगलादेशातील चितगाव येथे.