म्हणे, सोलापुरात निसर्ग नाही!

"डोकं पार शिणलंय हो, पण आपल्या सोलापुरात निसर्ग आहेच कुठं?" हे ऐकून ऐकून कान किटले. मग दिवाळीपर्यंत कळ काढायची, महाबळेश्वर गाठायचं, घाटातल्या कोंडीत हॉर्न ऐकायचे आणि सोमवारी तितक्याच शिणलेल्या डोक्यानं कामावर हजर!

मुळात शीण येतो कशानं? नवी पेठेतून गाडी काढताना समोरून उलटा येणारा दुचाकीवाला, मध्येच थांबलेली रिक्षा, खिशात वाजणारा फोन, यांतलं काय बघायचं आणि काय सोडायचं हे मन क्षणोक्षणी ठरवत असतं. लक्ष असं ताणून धरायची ताकद वापरून संपते. ती भरून कशी येते, हे मिशिगन विद्यापीठाच्या रेचल आणि स्टीफन कॅपलान यांनी १९८९ च्या ग्रंथात मांडलं. रोजच्या व्यापातून सुटका, ऐसपैसपणा, लक्ष आपसूक गुंतवणारं काहीतरी आणि आपल्याला मानवणारी जागा, एवढंच लागतं. या चार अटींत धबधबा नाही, धुकं नाही, स्ट्रॉबेरी तर नाहीच.

आता नान्नजला जा. बार्शी रस्त्यावर, वीसेक किलोमीटरवर. माळढोकासाठी १९७९ मध्ये इथं अभयारण्य झालं. माळढोक दिसणं आता दुर्मीळ, पण काळविटं चरताना दिसतात, चंडोल गात गात वर चढतो, कुसळं पायजम्यात घुसून बसतात. ज्याला आपण 'पडीक' म्हणून नाक मुरडतो, तो जिताजागता गवताळ प्रदेश आहे. ऐसपैसपणा म्हणजे आणखी काय हवं? एवढं लांब नको असेल, तर हिप्परग्याचा तलाव आहे.

"पण जवळच्या बागेत फिरून काय होणार?" होतं. २००८ मध्ये मिशिगनमध्येच बर्मन आणि सहकाऱ्यांनी काही जणांना एकदा झाडांमधून, एकदा वाहत्या रस्त्यावरून चालवलं आणि दोन्ही वेळी नंतर आकडे उलट्या क्रमानं म्हणायला लावले. झाडांमधून चालून आल्यावर त्यांची कामगिरी अधिक सुधारली. २०१९ च्या इंग्लंडमधल्या सुमारे वीस हजार जणांच्या पाहणीत, आठवड्याला किमान दोन तास निसर्गात घालवणाऱ्यांनी आपली तब्येत आणि मनःस्थिती चांगली असल्याचं जास्त प्रमाणात सांगितलं. त्यात शहरातल्या बागाही धरल्या होत्या. हा संबंध आहे, कार्यकारणाचा पुरावा नव्हे, हेही खरं.

आता बाकीचे गैरसमज, झटपट.

दोन तास सलग हवेत. नाही. त्याच पाहणीत तुकड्या-तुकड्यांनी घालवलेले दोन तासही चालले.

मजा वाटली तरच फायदा. बर्मन यांच्या प्रयोगात कडाक्याच्या थंडीत कुरकुरत चाललेल्यांनाही फायदा झाला.

मोबाइल चाळणं म्हणजे विश्रांती. तिथंही लक्ष खेचायची चढाओढच चालते.

सोलापूरच्या उन्हात कसलं फिरणं? मे महिन्याच्या दुपारी नकोच, उजाडताना जा.

झाडं असली की डॉक्टर नको. साफ चूक. उदासी आठवडेच्या आठवडे हटत नसेल तर डॉक्टर गाठा, किंवा सरकारच्या टेलिमानस सेवेचा १४४१६ हा क्रमांक फिरवा.

आणि माळाला 'रिकामी जागा' म्हणणं आधी थांबवा. ते ऐकायला प्लॉटिंगवाले टपूनच बसलेत.