चिकटलं... पण कशाला?

रात्री पावणेदोन. धाडकन आवाज! आधी वाटलं मांजर, मग वाटलं चोर. दिवा लावला तर हॉलमधलं माझं लाडकं शेल्फ जमिनीवर, पुस्तकं चौफेर आणि मनी प्लांटची माती सोफ्यावर. ड्रिलिंगची कटकट नको (शेजारच्या आजोबांची झोप मोडते), म्हणून मी ते भिंतीला चक्क चिकटवलं होतं. ट्यूबवर तर ठळक लिहिलं होतं, 'काँक्रीटलाही चालतं'!

शनिवारी शेल्फ काखोटीला मारून डोंबिवलीत फडके रोडजवळच्या हार्डवेअरच्या दुकानात भांडायला गेले. शेठनी ते उलटं केलं आणि हसले. मागे ताटाएवढा प्लास्टरचा पापुद्रा जसाच्या तसा!

"मॅडम, गम कुठे सुटला? भिंत सुटली."

आपण 'भिंतीला' चिकटवतो म्हणजे खरं तर रंगाला चिकटवतो. रंगाखाली पुट्टी, पुट्टीखाली प्लास्टर आणि त्याखाली वीट किंवा काँक्रीट. यातला सगळ्यात कच्चा थर जेवढं पेलेल, तेवढंच तुमचं शेल्फ पेलणार. गम दोनशे रुपयांचा घ्या नाहीतर दोन हजारांचा.

गिऱ्हाईक नव्हतं, त्यामुळे शेठनी क्लासच घेतला. पांढरं फेविकॉल लाकडासाठी. त्यातलं पाणी लाकडात शोषलं जातं, हवेत उडतं, तेव्हा ते पकडतं. १९५९ साली ते आलं, त्याआधी सुतार सरस उकळत बसायचे. पण दोन्ही बाजू काच किंवा धातूच्या असतील तर पाणी जाणार कुठे? फेविक्विकचं उलटं. त्याला थोडा ओलावा हवाच, पण थर अगदी पातळ लागतो. कपाचा कान बसवायला उत्तम, प्लास्टरवर मात्र ते नुसतं पिऊन टाकलं जातं. पीव्हीसी पाइपचं सोल्युशन तर चिकटवतच नाही, प्लास्टिक विरघळवून दोन्ही तुकडे एक करतं. म्हणून ते दुसऱ्या कशाला लावू नये.

काँक्रीटला दगड किंवा लोखंड जोडायचं असेल तर अॅराल्डाइटसारखं इपॉक्सी. त्यात रेझिन आणि हार्डनर अशा दोन ट्यूब. हे वाळत नाही, त्यांची आपसात रासायनिक क्रिया होते. 'लवकर व्हावं' म्हणून हार्डनर जास्त घातलात तर ते कायमचं मऊ राहील (माझा जुना पराक्रम). आणि त्याआधी रंग खरवडायचा, तारेचा ब्रश मारायचा, धूळ काढायची. हे अर्ध्या तासाचं काम कुणालाच नको असतं!

आपल्याकडचा खरा व्हिलन म्हणजे ओल. शेठची ट्रिक सांगते. हातभर प्लास्टिकचा कागद चारी बाजूंनी टेपने भिंतीला चिकटवा, एक दिवस ठेवा. आतून घाम फुटला तर भिंत अजून ओली आहे, गम परत कपाटात.

नव्या फ्लॅटवाल्यांसाठी टाइल्सचं. व्हिट्रिफाइड टाइल पाणी जवळजवळ पीतच नाही, त्यामुळे साध्या सिमेंटला ती नीट धरत नाही. तिला पॉलिमरवालं टाइल अॅडेसिव्ह लागतं. गोणीवर आयएस १५४७७ हा नंबर बघा. मिस्त्री चार कोपऱ्यांत चार आणि मध्ये एक असे गोळे ठेवत असेल तर थांबवा. दातेरी थापीने सगळीकडे सारखं पसरायला सांगा, नाहीतर टाइलखाली पोकळी राहते. नाण्याने टकटक केलं की बद्द आवाज येतो.

एवढ्यात आईचा फोन. कल्याणहून. "येताना एम-सील आण गं, किचनच्या छताला चीर पडलीय."

शेठनी ऐकलं. पुडी काढायला गेलेला हात थांबला. "चीर वाकडीतिकडी आहे की सरळ रेषेत? तांबूस डाग आहे?"

विचारलं. सरळ होती. डागही होता.

"मग एम-सील देत नाही. इंजिनीअरला बोलवा."

स्लॅबमधली सळई गंजली की फुगते, कारण गंजाला लोखंडापेक्षा कितीतरी जास्त जागा लागते. ती काँक्रीटला आतून फोडते. वरून एम-सील भरलं की चीर दिसेनाशी होते, गंज चालूच राहतो. मे २०२१मध्ये आपल्या शेजारच्या उल्हासनगरात दोन आठवड्यांत दोन इमारतींचे स्लॅब कोसळले, माणसं गेली.

आणि इपॉक्सीने छत तोलणंही सोपं नाही, भले इंजिनीअर असोत. १० जुलै २००६ला अमेरिकेत बोस्टनच्या बोगद्यातलं सुमारे २६ टनांचं काँक्रीटचं छत खाली आलं, गाडीतली एक बाई गेली. बोल्ट इपॉक्सीने बसवले होते. चौकशीत निघालं की तो लवकर घट्ट होणारा प्रकार होता. सतत टांगलेल्या वजनाखाली तो हळूहळू ताणला जात होता. सुरुवातीच्या चाचणीत पास, काही वर्षांनी बोल्ट बाहेर! माझं शेल्फही पहिले चार महिने झकास होतं.

संध्याकाळी कल्याणला जाऊन झाडूच्या दांड्याने छत ठोकलं. ओट्याच्या वर दोन हात जागा बद्द वाजली. अशा ठिकाणी सैल काँक्रीट पाडून, सळई घासून, गंजरोधक लावून, बाँडिंग कोट चिकट असतानाच पॉलिमर मॉर्टर भरतात. तेही इंजिनीअरने पाहून, छताला टेकू देऊन. आईची बिल्डिंग १९८९ची. तिशी ओलांडलेल्या इमारतीला स्ट्रक्चरल ऑडिट कायद्याने सक्तीचं आहे. सेक्रेटरी काकांना विचारलं तर म्हणाले, "खर्चाला कोणी तयारच नाही." त्यांच्या हातात झाडू दिला आणि म्हटलं, काका, तुम्हीच ठोका. दोनदा ठोकून ते गप्प झाले.

गुरुवारी इंजिनीअर येतायत. तोवर आईने गॅस हॉलमध्ये हलवलाय. आणि ड्रिलचं मी शेजारच्या आजोबांना विचारलं. रविवारी अकरानंतर चालेल म्हणाले.