वाटीने दिलेले उत्तर

उन्हाळ्याच्या सुटीत एकत्र कुटुंबातील मुले घरी जमावीत, आमरसाची जेवणे आटोपून वडील मंडळी माजघराच्या गारव्यात लवंडावीत, आणि कोणीतरी हळूच "प्लँचेट करू या" म्हणावे, हा प्रसंग महाराष्ट्रातील पुष्कळ सुशिक्षित घरांच्या परिचयाचा आहे. पाटावर खडूने अक्षरांचे वर्तुळ काढावयाचे, मध्ये वाटी उपडी ठेवावयाची, तिघांनी तिजवर बोट टेकावयाचे आणि गेलेल्या माणसास हाक मारावयाची. थोड्याच वेळात वाटी सरकू लागते. ती कोण सरकवितो, हा प्रश्न एरवी थट्टेचा. परंतु ज्या घरातून नुकतेच कोणी गेले असेल, तेथे तो थट्टेचा राहत नाही.

हे यंत्र आपल्याकडील नव्हे. प्लँचेट या फ्रेंच शब्दाचा अर्थ लहान फळी. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास युरोपात मेज हलविण्याचे आणि मृतांशी बोलण्याचे वेड पसरले, त्यातून ही चाकांची फळी निघाली. अमेरिकेत तर अशा अक्षरफलकाचे रीतसर पेटंट १८९१ साली देण्यात आले. बिनतारी संदेशाच्या संशोधनात नाव मिळविलेले सर ऑलिव्हर लॉज यांचा मुलगा रेमंड १९१५ साली युद्धात पडला. त्याच्याकडून आलेल्या मानलेल्या निरोपांचा ग्रंथ त्यांनी पुढच्याच वर्षी प्रसिद्ध केला. परलोकाशी संपर्क साधण्याचे उपकरण आपण करू पाहत आहो, असे एडिसन यांनी १९२० साली सांगितले; ते उपकरण जगापुढे कधीच आले नाही. खुद्द रवींद्रनाथ ठाकुरांनी १९२९ साली अशा बैठकी केल्या. महाराष्ट्रात वि. द. ऋषी यांनी परलोकविद्येचा प्रसार केला. तेव्हा हा नाद केवळ अडाण्यांचा होता, असे म्हणता येणार नाही. बुद्धी कितीही तीक्ष्ण असली तरी पुत्रशोकापुढे ती पुष्कळदा मान खाली घालते.

आमच्या चोपड्याच्या घरी १९५८ च्या उन्हाळ्यात घडलेली हकीकत यासाठीच सांगतो. चोपडे तेव्हा पूर्व खानदेशातील तालुक्याचे गाव होते. आदल्या पावसाळ्यात काकूंचा थोरला मुलगा विषमज्वराने गेला होता. आखाजीस दोन दिवस उरले असता आम्ही मुलांनी पाट मांडला. काकू दाराशी येऊन बसल्या, आणि त्यांस उठून जा म्हणण्याचे धैर्य कोणास झाले नाही. वाटीवरील तीन बोटांपैकी एक माझे होते. वाटी प्रथम 'प' कडे गेली, मग 'ण' वर जाऊन थांबली.

येथे एक गोष्ट वाचकांनी ध्यानात घ्यावी. आमच्या वर्तुळात व्यंजने होती. काना, मात्रा, वेलांटी यांस जागा नव्हती. वाटी केवळ सांगाडा देई, त्यास प्राण वाचणाराने द्यावयाचा. 'त' आणि 'प' आले तर ताप म्हणावे की तूप म्हणावे, हे ऐकणाराच्या मनावर. माझा चुलतभाऊ म्हणाला, "पुणे!" कारण त्यास तेथे शिकावयास जावयाचे होते. धाकट्या बहिणीने 'पण' असे वाचून पुढील शब्दाची वाट पाहिली. काकूंच्या मुखातून मात्र एकच शब्द निघाला, "पाणी." आणि त्या पदराने तोंड झाकून आत निघून गेल्या.

संध्याकाळी हे धाकट्या काकांच्या कानी गेले. ते शाळेत शास्त्र शिकवीत. त्यांनी आम्हांस रागे न भरता पुन्हा पाट मांडावयास लावला, आमचे डोळे उपरण्यांनी बांधले आणि आम्हांस न सांगता पाट अर्धा फिरविला. वाटी पूर्वीप्रमाणेच ऐटीत सरकली. परंतु अक्षरे जेथे आहेत तेथे नव्हे, ती जेथे असावीत असे आम्हांस वाटत होते तेथे! डोळे सोडल्यावर कागदावर टिपलेली निरर्थक अक्षरे पाहून आम्ही खजील झालो. आमच्यापैकी कोणी लबाडी केली नव्हती. मायकेल फॅरडे यांनी १८५३ साली हेच सिद्ध केले होते. हात आणि मेज यांच्यामध्ये सैल थर ठेवून त्यांनी दाखविले की, आधी हात सरकतो आणि मागाहून मेज. बसणारांस मात्र आपण ढकलतो याची जाणीव नसते. मनात जे असते ते बोट आपल्या नकळत करते.

काकांनी हे सर्व काकूंस नीट समजावून सांगितले. त्यांनी शांतपणे ऐकले आणि म्हणाल्या, "वाटीला दिसत नसेल, भावोजी. पण त्याने पाणी मागितलेच होते." तापात पाणी बेताने द्यावे या तेव्हाच्या समजुतीने शेवटच्या रात्री त्यांनी मुलास घोटभरच पाणी दिले होते. ही गोष्ट घरात कोणास ठाऊक नव्हती. वाटीने ती सांगितली नाही. वाटीच्या निमित्ताने काकूंनी स्वतःच ती स्वतःस सांगितली.

या खेळाची खरी भीती भुताखेतांची नव्हे, ती हीच आहे. दुःखी माणसाच्या मनातील बोच बाहेर काढून ती परलोकाचा निरोप म्हणून त्याच्याच हाती ठेवणारे हे साधन आहे. ते अजाण मुलांच्या हाती असो की धूर्त बुवाच्या. डॉ. नरेंद्र दाभोलकर यांची २०१३ साली हत्या झाली. तिच्या तपासात प्लँचेटचा आधार घेतला गेला, असे वृत्त पुढच्या वर्षी एका साप्ताहिकाने दिले आणि पोलिसांनी ते नाकारले. ज्याने आयुष्यभर विवेकाचा पुरस्कार केला, त्याच्याच नावाभोवती ही चर्चा व्हावी, हे पाहून मन खिन्न होते.

आखाजीस आमच्याकडे पितरांसाठी घागर भरतात. नव्या मातीच्या घागरीत थंड पाणी, वर डांगर म्हणजे खरबूज आणि आंबा. त्या वर्षी काकूंनी ती स्वतः भरली, काठोकाठ, आणि बराच वेळ तिच्याजवळ बसून राहिल्या. घागरीचे पाणी कोणास पोहोचते, याविषयी प्रत्येकाने आपापले मत ठेवावे. मला एवढेच दिसते की, घागर देते आणि उत्तर मागत नाही. वाटी उत्तर मागते, आणि उत्तर देणारे बोट आपलेच असते. त्या दिवसानंतर आमच्या घरी पाट केवळ जेवणासाठीच मांडला गेला. आणि आजाऱ्याने पाणी मागितले, तर ते द्यावयास काकू सर्वांआधी उठत.