उंबरठ्याअलीकडची वीज

चेतापेशीतली वीज दोन तऱ्हांनी चालते. एक तऱ्हा लांब पल्ल्याची. पाठीच्या कण्यापासून पायाच्या अंगठ्यापर्यंतचे मीटरभर अंतर ती वाटेत जराही न विझता कापते. तिला क्रियाविभव म्हणतात. हा झटका उमटला तर पुरा उमटतो, नाही तर मुळीच उमटत नाही. दुसरी तऱ्हा जवळच्या अंतराची. कारणाचा जोर जेवढा, तेवढी ती लहान किंवा मोठी. ती आसपासच्या अशाच संदेशांत मिसळते आणि उगमापासून थोड्या मिलिमीटरांत विरून जाते. हे श्रेणीबद्ध विभव. पुढे झटका जायचा की नाही, हे त्याच्यावरच ठरते. शाळेच्या पुस्तकात झटक्याचे चित्र ठसठशीत असते आणि या दुसऱ्या संदेशाला दोन ओळी मिळतात. पण नाग चावलेल्या माणसाची पापणी मिटते किंवा फवारणी करणाऱ्याच्या दंडाचे मांस फडफडू लागते, तेव्हा मूळ बिघाड या दुसऱ्या संदेशात असतो. वर्धा जिल्ह्यासारख्या कपाशीच्या मुलखात ही दोन्ही संकटे एकाच हंगामात, एकाच धुऱ्यावर येतात.

प्रत्येक पेशीच्या आवरणाच्या आतली बाजू बाहेरच्या मानाने ऋण असते. चेतापेशीत हा फरक सुमारे ७० मिलिव्होल्ट, स्नायूच्या तंतूत ९० च्या आसपास. बाहेर सोडियम जास्त, आत पोटॅशियम जास्त, आणि मधल्या आवरणात प्रथिनांची दारे. काही दारे विशिष्ट रसायन येऊन चिकटले की उघडतात. काही आतला विभव ठरावीक पातळीला आला की उघडतात. श्रेणीबद्ध संदेश पहिल्या दारांचा. थोडे रसायन आले तर थोडी दारे उघडतात, थोडे सोडियम आत येते, विभव थोडा चढतो. जास्त आले तर जास्त. हा चढ कोरड्या सरीत सोडलेल्या पाण्यासारखा पुढे सरकतो: जाता जाता झिरपतो आणि दर हाताला कमी होत जातो. विभव चढत चढत एका उंबरठ्याला पोचला, तर मात्र दुसऱ्या प्रकारची दारे धडाधड उघडतात आणि झटका सुटतो. उंबरठ्याला टेकला नाही, तर काहीच घडत नाही.

मेंदूतल्या एका पेशीवर हजारो इतर पेशींची टोके टेकलेली असतात. काहींचे रसायन विभव वर ढकलते, काहींचे खाली ओढते. पेशी या सगळ्यांची बेरीज-वजाबाकी करत राहते. एकाच वेळी अनेक ठिकाणांहून आलेले चढ एकत्र होतात, आणि एकाच ठिकाणाहून लागोपाठ आलेलेही. डोळ्याच्या पडद्यातल्या प्रकाशग्राही पेशी तर झटक्याच्या वाटेला जातच नाहीत. प्रकाश कमीजास्त झाला की त्यांचा विभव कमीजास्त होतो, आणि अंधूक-लख्ख यांतला फरक पुढच्या पेशींना तेवढ्यावरूनच कळतो.

या संदेशाचे सगळ्यात उघडे, सगळ्यात नीट मोजलेले उदाहरण मात्र मेंदूत नसून स्नायूवर आहे. चेतातंतूचे टोक आणि स्नायू यांच्यात मिलिमीटरच्या वीस हजाराव्या भागाइतकी फट असते. टोकात झटका पोचला की तिथल्या बारीक पिशव्या फुटून अ‍ॅसिटिलकोलीन फटीत सांडते आणि पलीकडच्या ग्राहींना, म्हणजे रसायनाने उघडणाऱ्या दारांना, चिकटते. एका दाराला त्याचे दोन रेणू लागतात. दार उघडते, स्नायूचा विभव चढतो, आणि लगेच कोलिनएस्टरेज नावाचे विकर सांडलेले अ‍ॅसिटिलकोलीन तोडून टाकते. हे सारे सेकंदाच्या काही हजारांश भागांत.

पॉल फॅट आणि बर्नार्ड कॅट्झ यांनी १९५१ मध्ये बेडकाच्या स्नायूत सूक्ष्म काचनळी खुपसून हा चढ मोजला. अडचण अशी की धडधाकट स्नायूत तो निराळा दिसतच नाही. उंबरठा ओलांडायला लागतो त्याच्या कितीतरी पट तो मोठा असतो, त्यामुळे लगेच झटका उठून त्याला झाकून टाकतो. त्यासाठी दक्षिण अमेरिकेतले शिकारी बाणाला लावतात ते क्युरारे वापरले गेले. क्युरारे ग्राही अडवून बसते. मोकळे ग्राही कमी उरले की चढ उंबरठ्याखाली राहतो आणि काचनळीत उघडा सापडतो. पुढच्या वर्षी त्यांनी असेही मांडले की विसावलेल्या स्नायूतसुद्धा अर्ध्या-एक मिलिव्होल्टचे इवले चढ आपोआप उमटत असतात. असा एक इवला चढ म्हणजे एका पिशवीचा ऐवज. मोठा चढ अशाच पिशव्यांच्या बेरजेने बनतो. पसाभर धान्य शेवटी दाण्यांचेच असते, तसे. कॅट्झ यांना १९७० चे नोबेल पारितोषिक विभागून मिळाले.

बाणाच्या विषाने प्रयोगशाळेत जे केले, तेच नाग माणसाच्या अंगात करतो. नागाच्या विषातली लहान प्रथिने त्याच ग्राहींवर जाऊन बसतात. चेतातंतू शाबूत, त्यातला झटका शाबूत, पिशव्याही नेहमीसारख्या फुटतात. फक्त पलीकडचा चढ तोकडा पडतो. बहुतेक स्नायूंत तो गरजेच्या कितीतरी पट असल्याने निम्मे ग्राही गेले तरी काम चालते. डोळ्यांभोवतीच्या स्नायूंत ही शिल्लक कमी, म्हणून आधी पापण्या जडावतात, एकाचे दोन दिसू लागते. मग जीभ अडखळते, गिळता येत नाही, मान सावरत नाही, आणि शेवटी श्वासाचे स्नायू थकतात. रुग्ण निपचित दिसतो, पण पुष्कळदा त्याला सगळे ऐकू येत असते. मेंदूतली वीज ठीकठाक चालू असते.

वर्धा जिल्ह्यातल्या सेवाग्रामच्या महात्मा गांधी आयुर्विज्ञान संस्थेत, म्हणजे १९६९ मध्ये सुरू झालेल्या ग्रामीण वैद्यकीय महाविद्यालयात, असे रुग्ण आसपासच्या गावांतून येत आले आहेत. सर्पदंशाच्या कोणत्या रुग्णाच्या जिवाला जास्त धोका आहे हे कशावरून ओळखावे, यावर तिथल्या डॉक्टरांनी २००६ मध्ये अभ्यासही प्रसिद्ध केला. लकव्याचा अंदाज घ्यायची एक साधी रीत खाटेजवळ उभ्या असलेल्या कोणालाही पाहता येते. रुग्णाला एका श्वासात एक, दोन, तीन असे मोजायला सांगतात. आकडा तासातासाला घसरू लागला, तर श्वासाच्या स्नायूंतले चढ उंबरठ्याखाली जाऊ लागले आहेत. पापणी किती मिलिमीटर उघडते, हेही पट्टीने मोजतात.

सर्पविषरोधक लस रक्तात मोकळे फिरणारे विष पकडते. तिच्या जोडीला नागदंशात निओस्टिग्मीन हे औषध देऊन पाहतात, आणि श्रेणीबद्ध संदेश म्हणजे काय हे या औषधाइतके स्वच्छ दुसरे काही दाखवत नाही. ते विषाला हातही लावत नाही. ते कोलिनएस्टरेज थोडा वेळ थांबवते. अ‍ॅसिटिलकोलीन फटीत जास्त वेळ टिकते, उरल्यासुरल्या ग्राहींना ते पुन्हापुन्हा सापडते, तोकडा चढ थोडा वाढतो आणि उंबरठा ओलांडतो. औषध लागू पडले तर तासाभरात पापणी वर सरकलेली दिसते. हृदय मंदावू नये, लाळ सुटू नये म्हणून सोबत अ‍ॅट्रोपीन द्यावे लागते.

आता फवारणी. मोनोक्रोटोफॉस, प्रोफेनोफॉस ही कपाशीवर फवारली गेलेली ऑरगॅनोफॉस्फरस कीटकनाशके नेमके हेच विकर थांबवतात. मात्र थोडे आणि तात्पुरते नव्हे, घट्ट आणि सरसकट. ऑगस्ट-सप्टेंबरात पऱ्हाटी छातीला लागते, दमट हवेत फवाऱ्याचे तुषार तोंडावर-अंगावर येतात, आणि विष श्वासातून व भिजलेल्या कातडीतून आत जाते. २०१७ च्या हंगामात शेजारच्या यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेने सुमारे वीस शेतकरी-शेतमजूर दगावले. त्या हंगामात तिथे निरनिराळी आणि मिसळलेली कीटकनाशके वापरात होती. त्यांतल्या ऑरगॅनोफॉस्फरस गटाची करणी अशी: फटीतले अ‍ॅसिटिलकोलीन तुटत नाही, चढावर चढ साचत जातो. आधी स्नायू आपोआप फडफडतात. मग विभव वरच अडकून राहतो. झटक्याची दारे एकदा उघडून मिटली की विभव खाली येईपर्यंत पुन्हा उघडू शकत नाहीत. तो खाली येतच नाही म्हणून स्नायू लुळा पडतो. नागाच्या विषात चढ पुरत नाही, इथे तो ओसरत नाही, आणि श्वास दोन्हीकडे सारखाच अडतो. अ‍ॅट्रोपीन इथे मुख्य औषध ठरते: छातीत साचणारा स्राव आणि मंदावलेले हृदय ते सावरते. स्नायूवरच्या ग्राहींवर मात्र त्याचा इलाज चालत नाही, म्हणून लुळ्या पडलेल्या श्वासासाठी व्हेंटिलेटरच लागतो.

मण्यारीचे विष तिसऱ्याच ठिकाणी घाव घालते. ती बहुधा रात्री, जमिनीवर निजलेल्या माणसाला चावते. दुखत नाही, खूणही नीट दिसत नाही, आणि पहाटे पोटात कळ येऊन पापण्या उघडेनाशा होतात. तिच्या विषातला एक घटक चेतातंतूचे टोकच खराब करतो. पिशव्या आधी भराभर रिकाम्या होतात, मग सुटेनाशा होतात. ग्राही मोकळे आहेत, पण त्यांच्यापर्यंत काही पोचत नाही. वाचवायला फटीत अ‍ॅसिटिलकोलीनच नसल्याने निओस्टिग्मीनचा सहसा उपयोग होत नाही, आणि मोडलेले टोक लसीनेही जुळत नाही. अशा रुग्णाला व्हेंटिलेटरवर दिवसेंदिवस, कधी आठवड्याहून जास्त सांभाळावे लागते. तेवढ्या काळात टोके पुन्हा वाढतात, पिशव्या भरतात, एकेका पिशवीचा चढ मागच्यात मिळू लागतो. आणि बेरीज उंबरठ्यापर्यंत पोचली की रुग्ण स्वतःचा श्वास स्वतः घेऊ लागतो.