निकालानंतरचा एक महिना

सहकाराचा इतिहास सांगावयास बसले की आपली मंडळी सहसा साखर कारखान्यांपासून आरंभ करतात. वस्तुतः त्याचे एक जुने मूळ महाराष्ट्राबाहेरील मराठी वस्तीत सापडते. १८८९ साली बडोदे संस्थानात विठ्ठल लक्ष्मण ऊर्फ भाऊसाहेब कवठेकर यांच्या मार्गदर्शनाखाली ‘अन्योन्य सहकारी मंडळी’ उभी राहिली, आणि नागरी सहकारी बँकांचा उगम तेथवर नेला जातो. पुढे १९०४ चा कायदा आला. १९०६ च्या फेब्रुवारीत अवघ्या आठ दिवसांच्या अंतराने गोकाक अर्बन आणि बेळगाव पायोनिअर या दोन संस्थांची नोंदणी झाली. ज्या घरात एखाद्या पतसंस्थेचा भागदाखला नाही असे घर आमच्या सीमाभागात आजही शोधावेच लागेल.

पाच वर्षांनी निवडणूक येते. सभासद मत देऊन घरी जातात. परंतु निवडणुकीत अन्याय झाला तर दाद कोठे व केव्हा मागावी, हे पुष्कळांस ठाऊक नसते, मलाही नव्हते. माझ्या परिचयाच्या एका निवृत्त गुरुजींवर प्रसंग आला, तेव्हा ते मला कळले.

संस्थेचे नाव सांगत नाही. तिच्या शाखा सीमेच्या दोन्ही बाजूंस होत्या, म्हणून तिला राज्याचा नव्हे तर २००२ चा बहुराज्य सहकारी संस्था कायदा लागू होता. गुरुजींनी संचालकपदासाठी अर्ज भरला. छाननीत तो नामंजूर झाला. कारण काय, तर ते एका कर्जाला जामीन राहिले होते व ते कर्ज थकले होते! प्रत्यक्षात ऋणकोने सहा महिन्यांपूर्वीच सर्व रक्कम फेडली होती. गुरुजी पावती घेऊन धावले. पण छाननीची वेळ संपली होती.

येथे एक गोष्ट ध्यानात घ्यावी. त्या काळी बहुराज्य संस्थेची निवडणूक घेण्याची जबाबदारी कायद्यानेच विद्यमान संचालक मंडळावर टाकली होती. ज्यांना पुन्हा निवडून यावयाचे, त्यांच्याच हाती निवडणूक! मला तर ही व्यवस्था शाळेतील मुलाने स्वतःचीच उत्तरपत्रिका तपासावी तशी वाटते. २०२३ च्या दुरुस्तीने हे काम सहकारी निवडणूक प्राधिकरणाकडे सोपविले, ते योग्यच झाले.

गुरुजी उच्च न्यायालयात गेले. न्यायालयाने सांगितले, निवडणूक सुरू झाली आहे, ती होऊ द्या. तक्रार निकालानंतर योग्य ठिकाणी मांडा. गुरुजी संतापले. “हेडमास्तर, घर जळून गेल्यावर पाणी घेऊन या म्हणतात हो हे!” असे ते मला म्हणाले.

त्यांचा संताप मला पटला होता. तथापि न्यायालयाची भूमिका आजकालची नव्हे. पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीच्या वेळी, १९५१ साली, मद्रास राज्यातील नामक्कल येथील पोन्नुस्वामी नावाच्या उमेदवाराचा अर्ज असाच नामंजूर झाला होता. सर्वोच्च न्यायालयाने १९५२ साली ठरविले की अधिसूचनेपासून निकालापर्यंतची सर्व प्रक्रिया म्हणजे निवडणूक. ती मध्येच अडवावयाची नाही, आक्षेप निकालानंतर निवडणूक याचिकेतच घ्यावयाचे. २००१ मध्ये महाराष्ट्रातील संत सद्गुरू जनार्दन स्वामी दुग्ध उत्पादक संस्थेच्या खटल्यात हेच सूत्र सहकारालाही लावले गेले. मतदार यादी तयार करणे हासुद्धा निवडणुकीचाच एक टप्पा मानला गेला. यामागील विचार खोटा नाही. प्रत्येक नाराज उमेदवाराला स्थगिती मिळू लागली तर कोणतीच निवडणूक पार पडावयाची नाही, आणि जुने संचालक मंडळ आरामात खुर्चीवर राहील. किंबहुना काही ठिकाणी स्वतःच्याच माणसाकरवी दावा लावून मुदत वाढवून घेण्याची युक्ती लढविली जात असेल, तर मला नवल वाटणार नाही.

मात्र निकालानंतर वेळ फार थोडा असतो. बहुराज्य कायद्यात तो निकाल जाहीर झाल्यापासून एक महिना आहे. दाद दिवाणी न्यायालयात नव्हे, तर केंद्रीय निबंधकांनी नेमलेल्या लवादापुढे मागावयाची. विलंबाला सबळ कारण दाखविले तर लवाद तो माफ करू शकतो, पण त्यावर विसंबणे शहाणपणाचे नाही. राज्यापुरत्या संस्थांना त्या त्या राज्याचा कायदा लागू असतो, आणि तेथील मुदत व अधिकारी निराळे असू शकतात. २०१२ च्या ९७ व्या घटनादुरुस्तीने साऱ्या देशासाठी एकच चौकट आणू पाहिली होती. परंतु गुजरातेतून सुरू झालेल्या खटल्यात, निम्म्या राज्यांच्या विधानमंडळांची संमती घेतली नाही म्हणून, २०२१ साली सर्वोच्च न्यायालयाने ती राज्यांच्या संस्थांपुरती रद्द केली. बहुराज्य संस्थांसाठी ती कायम राहिली. म्हणून आपली संस्था कोणत्या कायद्याखाली नोंदलेली आहे, ते आधी पाहावे लागते.

गुरुजींचे अठरा दिवस रागातच गेले. “आता कसला दावा नि कसलं काय,” म्हणून त्यांनी कागद ट्रंकेत टाकले होते. त्यांच्या मंडळींनीच ते बाहेर काढून माझ्याकडे पाठविले. आम्ही दोघे वकिलांकडे गेलो. कर्जफेडीची पावती होती. पण नामंजुरीच्या आदेशाची प्रत गुरुजींनी रागाच्या भरात घेतलीच नव्हती. ती मिळविण्यात आणखी सहा दिवस गेले. सत्ताविसाव्या दिवशी अर्ज दाखल झाला.

लवादाचा निवाडा गुरुजींच्या बाजूने लागला, पण तोपर्यंत तीन वर्षे उलटली होती. संचालक मंडळ त्याविरुद्ध न्यायालयात गेले. तारखा पडत राहिल्या, आणि प्रकरण निकाली निघण्यापूर्वीच मंडळाची पाच वर्षांची मुदत संपली. निवडणूक अडवू नये हे मला मान्य आहे. पण मग निकालानंतरची दाद वर्षाच्या आत मिटलीच पाहिजे असे बंधन कायद्यात का नसावे, या प्रश्नाचे उत्तर मला कोणत्याही वकिलाने दिलेले नाही.

पुढच्या निवडणुकीची कच्ची मतदार यादी लागली, त्या दिवशी मी संस्थेत गेलो होतो. फलकासमोर चष्मा सावरीत गुरुजी उभे होते. आपले नाव त्यांनी शोधले, क्रमांक वहीत टिपला, आणि मग कारकुनाकडे जाऊन आपल्या नावावर काहीही येणे बाकी नाही असा दाखला शिक्क्यासह मागू लागले.