घरची शेव

शेव कडक झाली कीं दोष तेलाला दिला जातो. वस्तुतः तो बहुधा पिठांत असतो. हरभऱ्याची डाळ स्वतः निवडून दळून आणावी. बाजारच्या बेसनांत कधीं लाखेच्या डाळीचें पीठ मिसळलेलें असतें, आणि तें महिनोन्‌महिने नित्य पोटांत गेल्यास पाय लुळे पडण्याचें भय असतें. चवीची गोष्ट त्यापुढें गौण होय!

चार वाट्या बेसनास पाव वाटी कडकडीत तेलाचें मोहन पुरे. तेल पिठाच्या कणांना वेढतें, म्हणून शेव खुसखुशीत होते. अतिरेक केल्यास ती कढईंतच विस्कटते. ओवा कुटून, चाळून घालावा, नाहीं तर सोऱ्याची जाळी तुंबते. पीठ सैलसर भिजवावें. बुडबुडे ओसरले म्हणजे आंतलें पाणी गेलें. घाणा तत्काळ काढावा. गार झाल्यावांचून डबा लावूं नये, वाफेनें शेव मऊ पडते.